कांटनंतर बुद्धिवादाचं काय उरलं?

प्रश्न थोडक्यात असा आहे: "एम.ए.ला देकार्त, स्पिनोझा, लायब्निझ यांचा बुद्धिवाद आणि लॉक, बर्कली, ह्यूम यांचा अनुभववाद शिकलो. दोन्ही पक्षांचा वाद कांटनं मिटवला आणि बुद्धिवाद तिथेच संपला, असं नोट्समध्ये आहे. तरी पेपरात 'बुद्धिवादाचा नंतरच्या विचारावरील प्रभाव' हा प्रश्न येतोच. जो विचार संपला त्याचा प्रभाव काय लिहायचा? आणि आगरकरांना आपण बुद्धिवादी म्हणतो ते याच अर्थानं का?"

मी ३१ वर्षं आधुनिक पाश्चात्त्य तत्त्वज्ञान शिकवलं. हा प्रश्न दर वर्षी कुणी ना कुणी विचारायचं, आणि तासाच्या शेवटच्या पाच मिनिटांत मी जे उत्तर द्यायचे त्यानं माझं स्वतःचंही समाधान होत नसे. आज घड्याळ नाही, म्हणून सविस्तर लिहिते.

शेवटच्या भागापासून सुरुवात करू, कारण तिथला गोंधळ निस्तरला नाही तर पुढचं सगळं बिघडतं. मराठीत 'बुद्धिवादी' हा शब्द दोन वेगळ्या अर्थांनी चालतो. एक अर्थ चळवळीतला: पोथी सांगते, रूढी सांगते म्हणून काही मानणार नाही, कारण द्या मग मानतो. आगरकर या अर्थानं बुद्धिवादी होते. दुसरा अर्थ ज्ञानमीमांसेतला: काही मूलभूत ज्ञान इंद्रियानुभवातून न येता बुद्धीतूनच मिळतं, गणितासारखं. देकार्त, स्पिनोझा, लायब्निझ या अर्थानं बुद्धिवादी. आगरकरांनी मिल आणि स्पेन्सर हे इंग्लिश विचारवंत वाचले होते, आणि मिल तर इतका पक्का अनुभववादी की गणिताची सत्यंसुद्धा अनुभवातून येतात असं त्याचं म्हणणं. म्हणजे आपल्याकडचे थोर 'बुद्धिवादी' पाठ्यपुस्तकाच्या भाषेत विरुद्ध बाकावर बसणारे. म्हणूनच अलीकडे पुष्कळजण पहिल्या अर्थासाठी 'विवेकवाद' हा शब्द वापरतात, आणि ते बरं आहे. तरीही या दोन अर्थांमध्ये एक खरा धागा आहे. स्पिनोझाकडे वळल्यावर तो दिसेल.

आता नोट्समधल्या त्या दोन बाकांबद्दल. ही बैठकव्यवस्था त्या सहा जणांनी केलेली नाही. 'आम्ही बुद्धिवादी, ते अनुभववादी' असा गट करून कुणी लढलं नव्हतं. कांटनंतरच्या, मुख्यतः एकोणिसाव्या शतकातल्या जर्मन इतिहासकारांनी मागे वळून पाहताना ही मांडणी पक्की केली, कारण तिच्यामुळे कांट हा दोन्ही प्रवाहांचा संगम म्हणून छान दिसतो. शिकवायला सोयीची आहे, मीही वापरली. पण तिच्यामुळे प्रभावाचा प्रश्न आधीच निकालात निघतो: दोन पक्ष, एक पंच, सामना संपला.

ह्यूमचंच पाहा. त्यानं आपला पहिला मोठा ग्रंथ फ्रान्समधल्या ला फ्लेश या छोट्या गावात राहून लिहिला, साधारण १७३५ ते १७३७. हे तेच गाव, जिथल्या जेझुइट विद्यालयात शंभरेक वर्षांपूर्वी देकार्त शिकला होता. तिथून परतताना, ऑगस्ट १७३७ मध्ये त्यानं एका मित्राला पत्रात सांगितलं, की माझं लेखन समजायला हवं असेल तर आधी मालब्रांशचा 'सत्याचा शोध' वाच, बर्कली वाच, पिएर बेल या फ्रेंच विचारवंताच्या कोशातले झीनो आणि स्पिनोझा यांच्यासारखे तत्त्वज्ञानावरचे लेख वाच, देकार्तची 'चिंतने'ही उपयोगी पडतील. मालब्रांश हा देकार्तचाच अनुयायी. या यादीत लॉकचं नावसुद्धा नाही.

आणि ही शिफारस वरवरची नव्हती. ह्यूमचा सर्वांत गाजलेला युक्तिवाद कोणता? एक चेंडू दुसऱ्यावर आदळतो, दुसरा सरकतो. आपल्याला आधी एक घटना दिसते, मग दुसरी. पहिलीनं दुसरी 'घडवली', ती घडवणारी शक्ती कुठेच दिसत नाही. हा युक्तिवाद मालब्रांशनं आधी केला होता. त्याचा निष्कर्ष होता की शक्ती वस्तूंत दिसत नाही कारण ती त्यांच्यात नाहीच, ती फक्त ईश्वराकडे आहे. ह्यूमनं युक्तिवाद घेतला आणि ईश्वर वगळला. पेपरात 'प्रभाव' लिहायचा तो असा. निष्कर्ष पुढे गेला नाही, पण कार्यकारणसंबंधाचा काटेकोर हिशोब मागण्याची रीत गेली.

माझं सगळं म्हणणं या एका गोष्टीभोवती आहे. देकार्त, स्पिनोझा आणि लायब्निझ या तिघांनी दिलेली उत्तरं बहुतेक टिकली नाहीत. ग्रहांना फिरवणारे देकार्तचे आकाशातले भोवरे न्यूटननं निकालात काढले. आत्मा आणि शरीर पिनिअल ग्रंथीपाशी भेटतात हे आज कुणी मानत नाही. ईश्वराच्या संकल्पनेतूनच ईश्वराचं अस्तित्व सिद्ध करणारा युक्तिवाद कांटच्या टीकेतून सावरला नाही. हे जग सर्व शक्य जगांत उत्तम आहे हे लायब्निझचं म्हणणं १७५५ च्या लिस्बनच्या भूकंपानंतर व्होल्तेरनं 'कांदीद'मध्ये असं काही उभं केलं की ते पुन्हा गंभीरपणे मांडणंच अवघड झालं. एवढं सगळं पडूनही त्यांनी मागितलेला हिशोब मागे घेता आला नाही. नंतरच्यांनी तो फेडायचा प्रयत्न केला, किंवा तो का फिटू शकत नाही हे दाखवायचा. दोन्ही कामांतून नवं तत्त्वज्ञान झालं, आणि एका बाबतीत तर नवं यंत्र.

देकार्तपासून घेऊ. 'मी विचार करतो, म्हणून मी आहे' हे वाक्य सगळ्यांना येतं, त्यावर मी वेळ घालवत नाही. मला नेहमी वाटत आलंय की देकार्तचा प्रभाव कसा पसरला हे पाहायचं असेल तर त्याच्या ग्रंथापेक्षा एका पत्रापाशी थांबावं. मे १६४३. हेगमध्ये निर्वासित म्हणून राहणारी, चोवीस वर्षांची बोहेमियाची राजकन्या एलिझाबेथ देकार्तला लिहिते. तिनं 'चिंतने' वाचली आहेत. देकार्तचं म्हणणं तिला नीट कळलंय: शरीर म्हणजे जागा व्यापणारं द्रव्य, मन म्हणजे विचार करणारं, जागा अजिबात न व्यापणारं द्रव्य. ती विचारते: मग मन शरीराला हलवतं कसं? एखादी वस्तू हलते ती ढकलल्यामुळे. ढकलायला स्पर्श लागतो, स्पर्शाला पृष्ठभाग लागतो, आणि तुम्ही तर आत्म्याला विस्तारच नाही म्हणता.

माझ्या वर्गात हे वाचून दाखवलं की मुलं पेन खाली ठेवायची. कारण हा प्रश्न समजायला कुठलीही परिभाषा लागत नाही. मी हात वर करायचा ठरवते आणि हात वर जातो. मधे काय झालं?

देकार्त उत्तर देतो, पण ते घसरतं. जडपणा दगडाला जसा खाली नेतो तसं काहीसं समजा, असं तो म्हणतो. एलिझाबेथ ते मान्य करत नाही. जूनमधल्या पत्रात ती लिहिते, की ज्याला विस्तार नाही अशा गोष्टीत शरीर हलवण्याची ताकद आहे हे मानण्यापेक्षा आत्म्यालाच विस्तार आहे हे मानणं मला सोपं जाईल. देकार्त शेवटी म्हणतो की मन आणि शरीर यांची एकी तत्त्वज्ञानातून कळत नाही, रोजच्या जगण्यातून, इंद्रियांतून कळते. मला हे उत्तर प्रामाणिक वाटतं. ज्या माणसानं सगळं ज्ञान स्पष्ट आणि सुटसुटीत कल्पनांवर उभं करायचा पण केला, तोच इथे सांगतोय की ही एक गोष्ट तिथे बसत नाही.

या एका भेगेतून पुढचं किती आलं ते बघा. मालब्रांश म्हणाला, मन शरीराला हलवतच नाही, प्रत्येक वेळी ईश्वर हलवतो. स्पिनोझा म्हणाला, मुळात दोन द्रव्यं नाहीतच, एकाच द्रव्याची ही दोन रूपं आहेत, त्यामुळे कल्पनांचा क्रम आणि वस्तूंचा क्रम एकच. लायब्निझ म्हणाला, दोन्ही घड्याळं सुरुवातीलाच जुळवून ठेवलेली आहेत. विसाव्या शतकात गिल्बर्ट राइलनं १९४९ मध्ये या सगळ्याला 'यंत्रातलं भूत' म्हणून झटकून टाकलं, पण झटकण्यासाठी त्याला पूर्ण पुस्तक लिहावं लागलं. त्यानंतर आलेले, मन म्हणजे मेंदूच असं म्हणणारे आणि तसं नाही म्हणणारे, दोघेही अजून एलिझाबेथच्याच प्रश्नाला उत्तर देताहेत. गंमत म्हणजे देकार्तची पत्रं त्याच्या मृत्यूनंतर काही वर्षांतच छापली गेली. एलिझाबेथची स्वतःची पत्रं छापून यायला १८७९ उजाडावं लागलं. दोनशे वर्षं जगानं उत्तरं वाचली, प्रश्न विचारणारीचा आवाज मात्र ऐकला नाही.

देकार्तची दुसरी वाट पाठ्यपुस्तकात सहसा येत नाही, म्हणून ती इथे नोंदवते. 'पद्धतीविषयी विवेचन' त्यानं १६३७ मध्ये लॅटिनऐवजी फ्रेंचमध्ये लिहिलं, आणि त्याचं कारणही दिलं: जुन्या ग्रंथांवरच विश्वास ठेवणाऱ्यांपेक्षा आपली स्वाभाविक बुद्धी वापरणारे माझ्या मतांचा न्याय चांगला करतील. बुद्धी सगळ्यांकडे सारखी आहे, हे त्या पुस्तकाचं पहिलंच विधान. आता 'सगळ्यांकडे' म्हणजे कुणाकुणाकडे? १६७३ मध्ये फ्रान्स्वा पुलँ द ला बार यानं हे विधान गंभीरपणे घेतलं आणि दोन्ही लिंगांच्या समानतेवर पुस्तक लिहिलं. त्याचा युक्तिवाद सरळ देकार्तचा आहे: मन शरीराहून वेगळं, आणि लिंगभेद शरीराचा, म्हणून मनाला लिंग नाही. मग बायकांना विद्यापीठं, न्यायासनं आणि धर्मपीठं बंद का? उत्तर एकच उरतं, सवय. सिमोन द बोव्हारनं १९४९ मध्ये 'द सेकंड सेक्स' लिहिताना पुलँचंच वाक्य सुरुवातीला घेतलं. मन आणि शरीर वेगळी मानणारा जो द्वैतवाद एलिझाबेथला पटला नाही, त्याच द्वैतवादानं स्त्रियांच्या बाजूनं एक पद्धतशीर युक्तिवाद दिला. तत्त्वज्ञानाच्या इतिहासात असं होतं. म्हणून 'हा विचार चूक होता' एवढं लिहून उत्तर संपत नाही.

कांटबद्दल फार लिहीत नाही, तुमच्या नोट्समध्ये भरपूर असेल. फक्त दोन गोष्टी त्यात घाला. एक: कांट वर्षानुवर्षं तत्त्वमीमांसेचे, म्हणजे जे आहे त्याच्या मूळ स्वरूपाच्या विचाराचे, तास घ्यायचा ते बाउमगार्टेनच्या पाठ्यपुस्तकावरून, म्हणजे लायब्निझ आणि वोल्फ यांच्या परंपरेतल्या पुस्तकावरून. दोन: १७९० मध्ये एबरहार्ड नावाच्या टीकाकाराला उत्तर देताना कांटनं म्हटलं, की 'शुद्ध बुद्धीची चिकित्सा' हेच कदाचित लायब्निझचं खरं समर्थन ठरेल, त्याच्या अनुयायांच्या विरोधातसुद्धा. ज्यानं बुद्धिवाद संपवला असं आपण शिकतो, त्याचं स्वतःचं मत हे होतं. प्रत्येक गोष्टीमागचं कारण, त्या कारणामागचं कारण, असं शेवटपर्यंत मागत जाणं हा बुद्धीचा स्वभावच आहे, हे कांट नाकारत नाही. त्या मागणीनं ज्ञान मिळतं असं समजू नका, पण संशोधनाला दिशा तिच्यामुळेच मिळते, असं तो सांगतो.

ही मागणी म्हणजे लायब्निझचं पर्याप्त कारणाचं तत्त्व: जे आहे ते असंच का आहे, वेगळं का नाही, याला पुरेसं कारण असलंच पाहिजे. शोपेनहाउअरचा १८१३ चा प्रबंध याच तत्त्वावर आहे. 'काहीच नसण्याऐवजी काहीतरी का आहे' हा प्रश्न लायब्निझनं १७१४ मध्ये विचारला, आणि हायडेगरनं तो विसाव्या शतकात तत्त्वमीमांसेच्या केंद्रस्थानी आणला. पण लायब्निझकडे मला जे दाखवायचंय ते याहून ठोस आहे.

वाद करणाऱ्या दोघांनी भांडण्यापेक्षा पाटी घेऊन बसावं आणि म्हणावं, 'चला, हिशोब करू', हे लायब्निझचं स्वप्न. ऐकायला भाबडं वाटतं. पण १६७९ च्या आसपास त्यानं ते प्रत्यक्ष करून पाहिलं, आणि ते आपल्याला फळ्यावर करता येतं. 'प्राणी' या संकल्पनेला २ हा अंक द्या. 'विवेकी' या संकल्पनेला ३. माणूस म्हणजे विवेकी प्राणी, म्हणून 'माणूस' = २ × ३ = ६. आता 'सर्व माणसं प्राणी आहेत' हे वाक्य खरं की खोटं? ६ ला २ नं पूर्ण भाग जातो, म्हणून खरं. 'सर्व प्राणी माणसं आहेत'? २ ला ६ नं भाग जात नाही, म्हणून खोटं. वाक्याचा अर्थ न पाहता, नुसत्या भागाकारानं सत्यासत्य ठरलं. मूळ संख्याच घ्यायच्या, म्हणजे संयुक्त संकल्पना फोडून पुन्हा तिचे घटक मिळवता येतात. नकारार्थी वाक्यांपाशी ही योजना अडखळली. त्यानं एकेका संकल्पनेला संख्यांची जोडी देऊन पाहिलं, पण हवं तसं पूर्ण झालं नाही, आणि हे कागद त्याच्या हयातीत छापलेही गेले नाहीत.

पुढे १८७९ मध्ये गोटलोब फ्रेगेनं आधुनिक तर्कशास्त्राचा पाया घातला, त्या छोट्या पुस्तकाच्या प्रस्तावनेत लायब्निझच्या या सार्वत्रिक भाषेच्या कल्पनेचा उल्लेख आहे. बर्ट्रांड रसेलनं १९०० मध्ये लायब्निझवर स्वतंत्र ग्रंथ लिहिला, आणि नंतर गणित तर्कशास्त्रातून काढून दाखवायच्या कामाला लागला. १९२८ मध्ये हिल्बर्टनं तोच हिशोब गणितज्ञांपुढे ठेवला: कुठलंही विधान दिलं तर ते सिद्ध होतं की नाही हे यांत्रिकपणे सांगणारी रीत आहे का? हे लायब्निझचं 'चला, हिशोब करू'च. उत्तर नकारार्थी आलं, पण कसं आलं ते महत्त्वाचं. १९३१ मध्ये गोडेलनं दाखवलं की अंकगणित सामावणाऱ्या कुठल्याही सुसंगत आणि नियमबद्ध पद्धतीत सिद्धही न होणारी आणि खोटीही न ठरणारी विधानं राहतातच. ते दाखवण्यासाठी त्यानं काय केलं? प्रत्येक चिन्हाला एक संख्या दिली आणि मूळ संख्यांचे घात गुणून संपूर्ण वाक्याची एक संख्या केली, म्हणजे ती फोडली की वाक्य परत मिळतं. लायब्निझच्या फळ्यावरची क्लृप्तीच, फक्त कितीतरी पक्की. गोडेल लायब्निझचा कसून अभ्यास करणारा वाचक होता, हे इथे लक्षात ठेवा. १९३६ मध्ये ट्युरिंगनं हिल्बर्टच्या प्रश्नालाही नाही म्हटलं, आणि 'यांत्रिक रीत' म्हणजे नेमकं काय हे ठरवण्यासाठी एक काल्पनिक यंत्र कागदावर मांडलं. आजच्या संगणकाची संकल्पना तीच. फक्त ० आणि १ वापरून सगळी संख्यागणना मांडणारा लायब्निझचा लेख १७०३ चा, आणि गणनयंत्राचा नमुना तर तो १६७३ मध्ये लंडनला रॉयल सोसायटीपुढे घेऊन गेला होता. यंत्रं आणि सजीव यांच्यातल्या नियंत्रणाच्या विद्येला सायबरनेटिक्स हे नाव देणाऱ्या नॉर्बर्ट वीनरनं १९४८ मध्ये त्या विद्येचा आश्रयदाता संत म्हणून लायब्निझला निवडलं ते उगीच नव्हे.

एक विनंती: 'लायब्निझनं संगणकाचा शोध लावला' असं पेपरात लिहू नका. एकोणिसाव्या शतकातल्या जॉर्ज बूलनं तर्काचं आपलं बीजगणित लायब्निझच्या या कागदांवाचूनच रचलं. धागा सलग नाही, मधे कितीतरी ठिकाणी तुटलाय. पण मागणी एकच आहे, आणि ती पुरी होत नाही हे सिद्ध करण्याच्या खटपटीतून यंत्र निघालं.

यंत्राचा विषय निघालाच आहे म्हणून देकार्तकडे थोडं मागे जाते. 'विवेचना'च्या पाचव्या भागात तो विचारतो, हुबेहूब माणसासारखं यंत्र केलं तर ते माणूस नाही हे कशावरून ओळखायचं? तो दोन कसोट्या देतो. यंत्र शब्द उच्चारू शकेल, इथे दाबलं तर 'काय हवं' म्हणेल, तिथे दाबलं तर 'दुखतंय' म्हणेल, पण समोरच्याच्या बोलण्याचा अर्थ धरून हव्या तशा शब्दांची जुळणी करून उत्तर देऊ शकणार नाही. दुसरं, काही कामं ते आपल्याहून चांगली करेल, पण इतर कामांत नक्की अडकेल, कारण बुद्धी हे कुठल्याही प्रसंगी चालणारं साधन आहे आणि यंत्राचा प्रत्येक भाग एकेका कामापुरता. आता बोलणारी यंत्रं आपल्या हातातल्या फोनवर आहेत. पहिली कसोटी देकार्तला अपेक्षित होती तशी उरलेली नाही, असं मला स्पष्ट वाटतं. पण लायब्निझनं १७१४ मध्ये लगेच पुढचा प्रश्न विचारून ठेवलाय: विचार करणारं यंत्र गिरणीएवढं मोठं केलं आणि तुम्ही आत जाऊन फिरलात, तर एकमेकांना ढकलणारे भाग दिसतील, 'जाणीव' कुठे दिसेल? जॉन सर्लनं १९८० मध्ये खोलीत बसून नियमांप्रमाणे चिनी चिन्हं जुळवणाऱ्या माणसाचं उदाहरण दिलं, त्याची ठेवण बरीचशी हीच. या विषयावर आज लिहिणाऱ्यानं देकार्तचं ते पान आणि लायब्निझची ती गिरणी वाचलेली नसेल, तर तो जुनाच रस्ता नव्यानं खणतोय.

आता स्पिनोझा, आणि वर सांगितलेला धागा. २७ जुलै १६५६ रोजी ॲमस्टरडॅमच्या ज्यू समाजानं तेवीस वर्षांच्या स्पिनोझाला बहिष्कृत केलं. १६७० मध्ये त्यानं 'धर्म आणि राज्य यांविषयीचा प्रबंध' छापला, निनावी, मुखपृष्ठावर खोटं शहर घालून. त्यात दोन गोष्टी आहेत. बायबल हा ग्रंथ इतर कुठल्याही ग्रंथासारखा तपासायचा: भाषा कुठली, लिहिलं कुणी, केव्हा, कुणासाठी, नंतर हात कुणाचे फिरले. आणि दुसरी, विचार करण्याचं आणि बोलण्याचं स्वातंत्र्य राज्यानं दिल्यानं शांतता बिघडत नाही, उलट ते काढून घेतल्यानं बिघडते. १६७४ मध्ये हॉलंडमध्ये त्यावर बंदी आली. पवित्र ग्रंथाचा हिशोब मागण्याची ही रीत पुढे अठराव्या शतकातल्या प्रबोधनयुगात गेली, तिथून एकोणिसाव्या शतकातल्या इंग्लंडमध्ये, आणि इंग्रजी शिक्षणाबरोबर आपल्याकडच्या सुधारकांपर्यंत. आगरकरांचा बुद्धिवाद ज्ञानमीमांसेत मिलचा असला, तरी 'ग्रंथ आहे म्हणून प्रमाण नाही' या आग्रहाच्या मूळ उगमांपैकी एक इथे आहे. हा त्या दोन अर्थांमधला धागा.

स्पिनोझाचा प्रसार त्याच्या शत्रूंनी केला. बेलच्या १६९७ च्या कोशात सर्वांत लांब लेख स्पिनोझावर, आणि तो खंडनपर. मूळ ग्रंथ हाती न लागणाऱ्या दोन पिढ्यांनी स्पिनोझा त्यातून वाचला. १७८५ मध्ये याकोबीनं जाहीर केलं की थोर लेखक लेसिंग मृत्यूपूर्वी आपल्यापाशी स्पिनोझाचा अनुयायी असल्याचं बोलला होता. याकोबीला यातून दाखवायचं होतं की बुद्धीचा हट्ट शेवटपर्यंत नेला की माणूस नास्तिकतेत पडतो. झालं उलटं. हेर्डर, गटे, शेलिंग, हेगेल अशी सगळी पिढी स्पिनोझाकडे धावली. १९२९ मध्ये आइन्स्टाइनला 'देव मानता का' असं तारेनं विचारलं गेलं, तेव्हा 'स्पिनोझाचा देव मानतो' असं त्यानं उत्तर दिलं.

पण माझ्या मते स्पिनोझाचा सर्वांत खोल ठसा भावनांच्या विचारावर आहे. 'नीतिशास्त्रा'च्या तिसऱ्या भागाच्या सुरुवातीला तो म्हणतो, माणसांच्या कृती आणि वासना मी रेषा, प्रतलं आणि घनाकृती असल्यासारख्या तपासणार आहे. हे कोरडं वाटतं. वर्गात मी एक उदाहरण द्यायचे. तुम्ही स्टँडवर दीड तास ताटकळलात. कळलं की घाटात दरड कोसळली म्हणून गाडी अडकली. वैताग येतो, पण राग कुणावर धरणार? आता कळलं की ड्रायव्हर वाटेत गप्पा मारत बसला होता. दीड तास तेवढाच, राग कितीतरी जास्त. स्पिनोझाचं ४९ वं विधान हेच आहे: जी गोष्ट आपण स्वतंत्र समजतो तिच्याबद्दलचं प्रेम किंवा द्वेष, अपरिहार्यपणे घडलेल्या गोष्टीबद्दलच्या प्रेम-द्वेषाहून मोठा असतो. मग तो एक पाऊल पुढे जातो. ड्रायव्हर बसला त्यालाही कारणं होती, त्या कारणांनाही कारणं. ती साखळी जितकी दिसेल तितका रागाचा पीळ सैल होतो. एकदा एक मुलगा उठून म्हणाला, "मॅडम, मग कुणालाच दोष द्यायचा नाही का?" तो तास संपला, पण चर्चा आठवडाभर चालली. याच प्रश्नावर युरोपातही शंभर वर्षं भांडणं झाली होती.

आपल्याला एखादी गोष्ट चांगली वाटते म्हणून आपण तिची इच्छा करत नाही, इच्छा करतो म्हणून ती चांगली वाटते, हेही याच भागातलं. ३० जुलै १८८१ रोजी नीत्शेनं मित्राला कार्डावर कळवलं की मला पूर्वसूरी सापडला, आणि इच्छास्वातंत्र्य नाकारणं, हेतूंचा नकार, जगात नैतिक व्यवस्था नाही हे म्हणणं, असे आपले समान मुद्दे मोजून दाखवले. मेंदूविज्ञानात अंतोनियो दामासिओनं १९९४ मध्ये पुस्तकाच्या नावातच देकार्तची चूक धरली आणि २००३ च्या पुस्तकाच्या नावात स्पिनोझाचा शोध घेतला. म्हणजे भावनांच्या विज्ञानातही एक बुद्धिवादी प्रतिपक्ष झाला आणि दुसरा साथीदार.

पेपरसाठी एवढंच सांगते: दहा नावांची यादी देऊ नका. एक मागणी घ्या, ती कुणी केली, कुणी मोडायला पाहिली, मोडताना काय नवं तयार झालं, हे एकाच धाग्यानं नेऊन दाखवा. एलिझाबेथ ते राइल हा धागा घ्या किंवा २ × ३ = ६ ते ट्युरिंग. वाचायला 'चिंतने' आधी घेतलीत तरी चालेल, पण दुसऱ्या चिंतनात देकार्त उदाहरणाला घेतो तो मेणाचा गोळा वितळून झाला की पुस्तक मिटा आणि मे १६४३ चं एलिझाबेथचं पत्र काढा. छोटं आहे. ते वाचून स्वतःचा हात एकदा वर करून पाहा, आणि देकार्तचं उत्तर वाचायच्या आधी तिला तुमचं उत्तर लिहा.